हजेरी घेणाऱ्यांची हजेरी

परंडा म्हटले की लोक किल्ल्याचेच विचारतात. १६०० मध्ये अहमदनगर मोगलांच्या हाती गेल्यावर मलिक अंबरने दुसऱ्या मुर्तजा निजामशाहला गादीवर बसवले आणि काही काळ परंडा ही निजामशाहीची राजधानी झाली. विजापूरला आज दिसणारी मुलूखमैदान तोफही एके काळी याच किल्ल्यावर होती. हे सारे सांगण्याजोगे आहेच. परंतु आजचा धागा किल्ल्याच्या तटाबाहेरचा आहे. तालुक्यात फिरताना जे पाझर तलाव, नालाबांध आणि मुरमाचे जुने रस्ते दिसतात, त्यांच्या इतिहासात एक माणूस उभा आहे. त्याच्या हातात तलवार नाही, रजिस्टर आहे.

१९७२-७३ चा दुष्काळ मराठवाड्याच्या स्मृतीत अजून ताजा आहे. मे १९७३ मध्ये राज्यभरातील दुष्काळी कामांवर सुमारे पन्नास लाख माणसे होती. तेव्हाचा उस्मानाबाद जिल्हा, म्हणजे आजचा धाराशिव, सर्वाधिक होरपळलेल्या जिल्ह्यांपैकी एक. खडी फोडणे, माती उपसणे, बांध घालणे ही कामे आणि त्यासोबत मिळणारी सुकडी यांच्या आठवणी प्रत्येक घरात आहेत. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी १९६९ मध्ये तासगाव तालुक्यातील विसापूर येथे करून पाहिलेला रोजगार हमीचा प्रयोग या दुष्काळाने राज्यभर नेला. पुढे १९७७ मध्ये कायदा झाला आणि तो २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला. मागेल त्याला काम, हे सरकारने कायद्याने कबूल केले. जगाच्या इतिहासात अशी कबुली देणारी राज्ये फार थोडी आहेत.

मजूर म्हटले की हजेरी आली आणि हजेरी म्हटली की ती लिहिणारा आला. कामावर किती जण आले, कोण अर्ध्या दिवसाने गेले, कोणाचे नाव कुठे चढवायचे, पगारवाटपाच्या दिवशी कोणाचा अंगठा कुठे उमटवायचा, हे सारे पाहणारा म्हणजे हजेरी सहाय्यक. लोक त्याला ‘मस्टरवाला’ म्हणत. मस्टर खोटे असेल तर योजनाच खोटी ठरते, इतके त्याचे काम मोलाचे होते. तरीही दुसऱ्यांचा एकेक दिवस कागदावर उतरवणाऱ्या या माणसाला स्वतःचे सेवापुस्तक नव्हते. योजना होती, काम होते, वरिष्ठ होते. पद मात्र नव्हते.

‘नोकरी कायम होणे’ या दोन शब्दांमागे आपल्याकडे अर्धे आयुष्य जाते, म्हणून आधी त्यांचा अर्थ पाहू. जुन्या राज्यव्यवस्थेत वतनाची चाकरी जन्मानेच कायम असे. पाटलाचा मुलगा पाटील, महाराचा मुलगा महारकीचे ओझे वाहणारा. त्या कायमपणात हक्क थोड्यांचे होते आणि बेगार पुष्कळांची होती. वतने गेली आणि त्यांच्या जागी आधुनिक सरकारी नोकरी आली. तिचे तत्त्व नेमके उलटे आहे: पद आधी मंजूर व्हावे, त्याची जाहिरात निघावी, नियमांप्रमाणे निवड व्हावी आणि मग माणूस त्या पदावर यावा. संविधानाची कलमे १४ आणि १६ याच तत्त्वाची राखण करतात. गावोगावच्या ज्या पोराला वशिला नाही, त्याच्यासाठी ही कलमे आहेत.

अडचण अशी की सरकारलाच हे तत्त्व परवडत नाही. पद मंजूर करायला वित्त विभाग तयार नसतो आणि काम तर थांबत नाही. मग माणूस रोजंदारीवर घेतला जातो. कधी त्याच्या सेवेत मधेच एक-दोन दिवसांचा तांत्रिक खंड पाडला जातो, म्हणजे सलग सेवा मोजता येऊ नये. वर्षे जातात. एक दिवस तो विचारतो, मी कोण? आणि कार्यालय म्हणते, तू कोणीच नाहीस.

महाराष्ट्रात या प्रश्नाचे पहिले मोठे उत्तर साठच्या दशकाच्या अखेरीस एका तडजोडीतून आले. न्यायालयाचा त्यात वाटा नव्हता. बांधकाम आणि पाटबंधारे खात्यांत ती आजही ‘कालेलकर’ या एकाच शब्दाने ओळखली जाते. सलग पाच वर्षे काम केलेल्या रोजंदारी मजुराला ‘रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापना’ या आस्थापनेवर घ्यायचे, असे ठरले. हे नाव सावकाश वाचावे. नियमितही आणि अस्थायीही! मराठी प्रशासकीय भाषेने एखाद्या माणसाची कुचंबणा इतक्या नेमकेपणाने क्वचितच सांगितली असेल. तरी या आस्थापनेमुळे हजारो कुटुंबांच्या चुली स्थिर झाल्या, हेही खरे.

हजेरी सहाय्यक या चौकटीत बसत नव्हते. असे असंख्य लोक चौकटीबाहेर होते. त्यांनी जायचे कुठे? येथून पुढची गोष्ट न्यायालयाच्या दारांची आहे आणि महाराष्ट्रात ही दारे एक नव्हे, दोन आहेत. हे नीट कळले नाही तर पुढचा कोणताही निकाल समजत नाही.

पहिले दार १९७१ चे. त्या वर्षी महाराष्ट्राने कामगार संघटनांची मान्यता आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध यांविषयीचा कायदा केला. त्याच्या चौथ्या अनुसूचीतील सहावी बाब पाहावी: कामगारांना कायम कामगाराचा दर्जा आणि लाभ मिळू नयेत या हेतूने वर्षानुवर्षे बदली, हंगामी किंवा तात्पुरते म्हणून ठेवणे ही अनुचित प्रथा आहे. तक्रार औद्योगिक न्यायालयात करायची. तेथे मालक जे वागला ते प्रामाणिक होते का, हा प्रश्न असतो. पद नियमाने भरले होते का, हा नंतरचा.

दुसरे दार आणीबाणीतले. १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने संविधानात ३२३-अ हे कलम घातले. सरकारी नोकरांच्या सेवाविषयक तंट्यांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणे नेमायची आणि उच्च न्यायालयांना त्यातून वगळायचे, अशी त्यामागची कल्पना होती. प्रत्यक्ष कायदा १९८५ मध्ये झाला. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे आपल्या बोलण्यातले ‘मॅट’, ८ जुलै १९९१ रोजी सुरू झाले. मुख्य पीठ मुंबईत आणि खंडपीठे नागपूर व औरंगाबाद येथे. पीठावर न्यायिक सदस्याच्या जोडीला प्रशासकीय सदस्य बसतो. सरकार कसे चालते हे आतून ठाऊक असलेला माणूस न्यायासनावर असावा, हा हेतू. त्याचा फायदा होतो तसा तोटाही होतो. आतून ठाऊक असलेल्या माणसाला सरकारच्या अडचणीही फार पटकन पटतात.

गंमत अशी की १९८५ च्या कायद्याने बाकीच्या न्यायालयांचा अधिकार काढून घेताना कलम २८ मध्ये औद्योगिक न्यायाधिकरणे व कामगार न्यायालयांना अपवाद ठेवला. त्यामुळे पहिले दार उघडेच राहिले.

उदाहरणादाखल परंडा तालुक्यातील दोन सख्खे भाऊ कल्पनेत आणू. थोरला धरणाच्या कालव्यावर रोजंदारी मजूर, धाकटा एका सरकारी कचेरीत रोजंदारीवर टंकलेखक. दोघांची वर्षे सारखी, पगार जवळपास सारखा, साहेबही एकाच सरकारचे. थोरला ‘कामगार’ ठरला आणि त्याचे खाते ‘उद्योग’ ठरले तर तो औद्योगिक न्यायालयात जाईल. धाकटा मॅटमध्ये जाईल. एकाला विचारले जाईल, तुझ्यावर अन्याय झाला का? दुसऱ्याला विचारले जाईल, तुझी नेमणूक कोणत्या नियमाखाली झाली? एकाच घरात दोन उत्तरे येऊ शकतात आणि मराठवाड्यातील अनेक घरांना हे न समजल्यामुळे वर्षे गमवावी लागली, असे माझे मत आहे. चुकीच्या दारावर थाप मारली की आधी काही वर्षे फक्त दार कोणते यावरच वाद होतो.

आता या दारांपासून परंड्याचे अंतर पाहू. १९५६ पर्यंत हा भाग हैदराबाद राज्यात होता, त्यामुळे उच्च न्यायालयही हैदराबादचे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात आला आणि उच्च न्यायालय मुंबईला गेले. २७ ऑगस्ट १९८१ रोजी औरंगाबाद येथे मुंबई उच्च न्यायालयाचे कामकाज सुरू झाले. त्यालाही आव्हान दिले गेले. सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्ये नारायण शामराव पुराणिक प्रकरणात ते फेटाळले आणि १९८४ मध्ये खंडपीठ कायम झाले. (खंडपीठाला कायम व्हायला तीन वर्षे लागली. रोजंदारी माणसाला ऐकून बरे वाटेल.) मराठवाड्याच्या दृष्टीने ही मोठी घटना होती; मुंबईचा प्रवास, मुंबईचा वकील, मुंबईतला मुक्काम यांतून सुटका झाली.

आणि मग १९९१ मध्ये, सरकारी नोकरांपुरते, हे जवळ आलेले उच्च न्यायालय पुन्हा दूर गेले. मॅटचा निकाल विरुद्ध गेला तर उच्च न्यायालयात जाता येत नव्हते. विशेष परवानगी मागून थेट दिल्लीला सर्वोच्च न्यायालयात जायचे. परंड्याच्या शिपायाने दिल्लीला जावे, अशी ती व्यवस्था होती. सरकारला दिल्ली दूर नाही, कारण त्याचा वकील तेथेच असतो. १९८६ च्या डिसेंबरात संपतकुमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ही रचना मान्य केली होती, ती उच्च न्यायालयाला पर्याय म्हणून न्यायाधिकरण तितकेच सक्षम असेल या भरवशावर. दहा वर्षांत हा भरवसा पुरेसा टिकला नाही.

१८ मार्च १९९७ हा या धाग्यातला सर्वांत महत्त्वाचा दिवस. सरन्यायाधीश अहमदी यांच्या अध्यक्षतेखालील सात न्यायमूर्तींच्या पीठाने एल. चंद्रकुमार प्रकरणात सांगितले की, कलम २२६ आणि २२७ खालचे उच्च न्यायालयाचे पुनर्विलोकनाचे अधिकार हा घटनेच्या मूलभूत चौकटीचा भाग आहे. घटनादुरुस्तीनेही तो काढून घेता येणार नाही. न्यायाधिकरणे राहतील, सेवाविषयक तंट्यात पहिली पायरी तीच असतील; पण त्यांचा प्रत्येक निकाल संबंधित उच्च न्यायालयाच्या द्विसदस्यीय पीठापुढे तपासला जाऊ शकेल. दिल्लीला गेलेली वाट पुन्हा औरंगाबादला आली.

पण तपासणे म्हणजे काय? बहुतेकांची समजूत अशी की मॅटमध्ये हरलो तर उच्च न्यायालयात ‘अपील’ करू. ते अपील नसते. ती रिट याचिका असते आणि या फरकात माणसे अडकतात. याविषयीचा पाया घालणारा एक निकाल न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी लिहिलेला आहे: सय्यद याकूब प्रकरण, १९६३. वाद होता मद्रासकडील एका मार्गावर बस चालवण्याच्या परवान्याचा. नोकरीचा त्याच्याशी काही संबंध नव्हता. तेथे त्यांनी सीमा आखून दिली. न्यायाधिकरणाने अधिकाराबाहेर जाऊन निर्णय दिला, बाजू मांडू दिली नाही, किंवा कायद्याची चूक निकालाच्या कागदावरच उघड दिसते, तर उच्च न्यायालय हात घालील. मात्र पुराव्यावरून न्यायाधिकरणाने काढलेला वस्तुस्थितीचा निष्कर्ष केवळ आपल्याला वेगळा वाटतो म्हणून बदलणार नाही. पुरावाच नसताना काढलेला किंवा पुरावा वगळून काढलेला निष्कर्ष मात्र कायद्याची चूक धरता येतो.

ज्यांनी आयुष्यभर कामगारांच्या बाजूने कायदा वळवला त्या गजेंद्रगडकरांची ही मर्यादा कोरडी वाटेल, पण तिचा व्यावहारिक अर्थ फार मोठा आहे. किती वर्षे काम केले, मधे खंड होता का, पद मंजूर होते का, शैक्षणिक पात्रता होती का, हे सारे प्रश्न वस्तुस्थितीचे आहेत. त्यांची उत्तरे मॅटपुढेच जवळपास ठरून जातात. मॅटपुढे जो कागद जोडला नाही तो औरंगाबादला खंडपीठापुढे नेऊन फारसा उपयोग होत नाही. उच्च न्यायालयात उरतो तो कायद्याचा प्रश्न: या माणसाची नेमणूक केवळ अनियमित होती की मुळातच बेकायदा?

हा अनियमित-बेकायदा फरक ज्या निकालाने ऐरणीवर आणला तो १० एप्रिल २००६ चा उमादेवी निकाल. तो कर्नाटकाचा असला तरी महाराष्ट्रातील प्रत्येक मॅट-प्रकरणात त्याचे नाव येते, म्हणून त्याची वाट पाहण्यासारखी आहे. कर्नाटकच्या व्यापारी कर खात्यात काही जण दहा वर्षांहून अधिक काळ रोजंदारीवर होते. ते कर्नाटक प्रशासकीय न्यायाधिकरणात गेले. न्यायाधिकरणाने नकार दिला. ते उच्च न्यायालयात गेले. द्विसदस्यीय पीठाने न्यायाधिकरणाचा निकाल फिरवून नियमित कर्मचाऱ्यांइतके वेतन आणि नियमितीकरणाचा विचार करण्याचा आदेश दिला. राज्य सर्वोच्च न्यायालयात गेले आणि पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने उच्च न्यायालयाचा नियमितीकरणाविषयीचा आदेश रद्द केला. म्हणजे पुनर्विलोकन करताना उच्च न्यायालयाने किती पुढे जावे, हाही त्या निकालाचा विषय होता. सार असे की, मागच्या दाराने आलेल्याला न्यायालयाच्या आदेशाने पुढच्या खोलीत बसवता येणार नाही. त्यामुळे बाहेर रांगेत उभ्या असलेल्या लाखोंचा समान संधीचा हक्क बुडतो.

हा युक्तिवाद झटकून टाकण्यासारखा नाही. स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या कोणालाही तो पटतो आणि मलाही एका मर्यादेपर्यंत पटतो. त्याच निकालात परिच्छेद ५३ मध्ये एक खिडकी ठेवली आहे: पात्रता असलेले, मंजूर रिक्त पदांवर असलेले, दहा वर्षे वा अधिक काम केलेले आणि न्यायालयाच्या स्थगितीच्या आधाराशिवाय टिकून राहिलेले जे लोक असतील, त्यांचा राज्यांनी एकदाच विचार करावा आणि ही प्रक्रिया सहा महिन्यांत सुरू करावी. यातली शेवटची अट मला आजही खटकते. ज्याला कामावरून काढले जात होते आणि जो स्थगिती मागायला न्यायालयात गेला, त्याची ती वर्षे मोजायची नाहीत. जो गप्प राहिला त्याची मोजायची. अनेक राज्यांनी हा ‘एकदाच’ विचार केलाच नाही. २०१० मध्ये एम. एल. केसरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाला सांगावे लागले की, सहा महिने उलटले म्हणून पात्र माणसांचा हक्क संपत नाही.

याच काळात पहिल्या दारावर वेगळे घडत होते. ५ डिसेंबर १९९५ रोजी जगन्नाथ मारुती कोंढरे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पुण्याजवळच्या पाचगाव पर्वती परिसरातील वनमजुरांच्या बाजूने निकाल दिला. राज्याचे म्हणणे होते की वनखाते म्हणजे सार्वभौम सत्तेचे काम, उद्योग नव्हे. न्यायालयाने सामाजिक वनीकरणाच्या त्या कामाला सार्वभौम मानले नाही. आणि वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवण्यामागे लाभ नाकारण्याचा हेतू दिसतो, हा औद्योगिक न्यायालयाचा निष्कर्ष कायम ठेवला. पुढच्याच महिन्यात, ३१ जानेवारी १९९६ रोजी, राज्याने शासन निर्णय काढून ८,०३८ रोजंदारी वनमजुरांसाठी अधिसंख्य पदे निर्माण केली. एका निकालाने इतकी पदे निघतात, हे पाहिले की ‘पद नाही’ या उत्तराकडे इतिहासाचा विद्यार्थी जरा संशयानेच पाहू लागतो.

उमादेवीनंतर हे पहिले दारही बंद झाले, असे सरकारी वकील सांगू लागले. २८ ऑगस्ट २००९ रोजी एस. टी. महामंडळ विरुद्ध कास्ट्राइब राज्य परिवहन कर्मचारी संघटना या प्रकरणात त्याचे उत्तर आले. १९८० ते १९८५ या काळात बस धुण्या-झाडण्यासाठी हंगामी म्हणून घेतलेल्या माणसांचा तो खटला. न्यायालयाने म्हटले की उमादेवी निकाल उच्च व सर्वोच्च न्यायालयाच्या रिट अधिकारांविषयी आहे. १९७१ च्या कायद्याने औद्योगिक न्यायालयाला अनुचित प्रथा थांबवण्याचे जे अधिकार दिले आहेत, ते त्याने हिरावले जात नाहीत. अट एवढीच की पदे अस्तित्वात हवीत. न्यायालय पद जन्माला घालू शकत नाही. कल्पनेतल्या आपल्या दोन भावांची वाट येथे स्पष्टपणे वेगळी झाली. थोरल्याला कास्ट्राइब, धाकट्याला उमादेवी.

धाकट्याच्या वाटेवर थोडा उजेड अलीकडे पडला. २० डिसेंबर २०२४ च्या जग्गो प्रकरणात केंद्रीय जल आयोगाच्या कार्यालयात झाडलोट आणि बागकाम करणारी माणसे होती. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाने नकार दिला, दिल्ली उच्च न्यायालयाने तो कायम ठेवला आणि सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही निकाल फिरवून त्यांना नियमित करण्याचा आदेश दिला. उमादेवीत न्यायाधिकरण ‘नाही’ म्हणाले होते आणि शेवटी तेच टिकले. येथे न्यायाधिकरणाचे ‘नाही’ शेवटी पुसले गेले. न्यायमूर्ती विक्रम नाथ आणि प्रसन्न वराळे यांच्या या पीठाने सांगितले की, कायमस्वरूपी काम तात्पुरत्या नावाने करून घ्यायचे आणि मग उमादेवीचा आधार घेऊन माणूस बाहेर काढायचा, हा त्या निकालाचा विपर्यास आहे.

आता आपल्या मस्टरवाल्याकडे परत येऊ. त्याची गोष्ट या सर्व वाटांना छेदून जाते. हजेरी सहाय्यकांनी न्यायालये गाठली, संघटना केल्या आणि १ डिसेंबर १९९५ रोजी शासनाने त्यांना सरकारी सेवेत सामावून घेण्याची योजना जाहीर केली. जिल्ह्याजिल्ह्यांत, निरनिराळ्या खात्यांत, पदे रिक्त होतील तसे त्यांना घ्यायचे. योजना कागदावर आली तरी माणसे एकदम सामावली गेली नाहीत. कोणाला लवकर आदेश मिळाला, कोणाला कित्येक वर्षांनी. दरम्यान ते तेच काम त्याच मस्टरवर करत राहिले.

आणि मग निवृत्तीचे वय आले. येथे नियमितीकरणाचा खरा हिशेब सुरू होतो. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम १९८२ प्रमाणे निवृत्तिवेतनासाठी किमान दहा वर्षांची अर्हताकारी सेवा लागते. सामावून घेण्याचा आदेश उशिरा आला आणि निवृत्ती लवकर आली, तर वीस-पंचवीस वर्षे काम करूनही ती दहा वर्षे भरत नाहीत. त्याच नियमावलीतील नियम ५७ आकस्मिक खर्चातून वेतन घेणाऱ्याची सेवा निवृत्तिवेतनासाठी धरत नाही. मात्र त्याचे पद पुढे नियमित आस्थापनेत रूपांतरित झाले, तर आधीच्या सलग सेवेची निम्मी वर्षे मोजावीत, अशी टीप तेथे आहे. निम्मी! माणूस पूर्ण राबला, पण सरकारच्या वहीत अर्धाच. त्यात १ नोव्हेंबर २००५ नंतर सेवेत आलेल्यांना जुनी निवृत्तिवेतन योजनाच नाही, त्यामुळे ‘सेवेत आला’ म्हणजे कोणत्या तारखेला, हा प्रश्न कित्येकांसाठी म्हातारपणाच्या भाकरीचा झाला.

हजेरी सहाय्यकांचा हा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि सप्टेंबर २०२२ मध्ये निकाल लागला. पहिल्या नेमणुकीपासूनची सर्व वर्षे मोजा, ही मागणी न्यायालयाने मान्य केली नाही. प्रत्यक्ष सामावून घेतल्याच्या तारखेपासूनच मोजू, हे राज्याचे म्हणणेही मान्य केले नाही. ३१ मार्च १९९७ ही तारीख धरली; तेथपासून सामावून घेईपर्यंतची सेवा निवृत्तिवेतनासाठी धरावी, असा आदेश दिला. म्हणजे सरकारने सामावून घ्यायला लावलेला विलंब सरकारच्या माथी आणि त्याआधीची वर्षे मजुरांच्या बांधावर. ज्यांची दहा वर्षे यामुळे भरली त्यांच्या घरी पेन्शन सुरू होण्याची वाट खुली झाली. ऐंशीच्या दशकात उन्हातान्हात घेतलेल्या हजेऱ्या मात्र हिशेबाबाहेरच राहिल्या. तडजोड म्हणून हा निकाल मला समजतो. इतिहास म्हणून तो अपुरा वाटतो.

जाता जाता कागदाविषयी, कारण माझे शिक्षण कागदांचे आहे. रोजंदारी माणसाने एका वर्षात २४० दिवस काम केले हे सिद्ध करण्याचा भार त्याच्यावरच असतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये हदीमनी प्रकरणात म्हटले. २००५ च्या येल्लत्ती प्रकरणात त्याला थोडी मुरड घातली: रोजंदारी माणसाला नेमणूकपत्रही मिळत नाही आणि पगाराची पावतीही नाही, म्हणून त्याने शपथेवर सांगावे आणि मालकाकडील मस्टर न्यायालयात मागवावे. चांगले आहे. पण सरकारी कार्यालयांत अभिलेखांचे वर्गीकरण असते. काही कायम ठेवायचे, काही तीस वर्षे, काही दहा, काही पाच आणि काही एका वर्षाने नष्ट करायचे. खटला पंधरा-वीस वर्षे चालतो. मस्टर मागवण्याचा आदेश निघतो तेव्हा मस्टर राहिलेले असतेच असे नाही आणि आपण वर पाहिले तसे, मॅटपुढे न आलेला कागद पुढे फारसा चालत नाही.

म्हणून परंडा, भूम, वाशी, बार्शी या पट्ट्यातील ज्यांच्या घरी रोजगार हमीच्या जुन्या हजेरीपटांच्या नकला, ओळखपत्रे, कामाचे दाखले, शाखा अभियंत्याच्या सहीची चिठ्ठी असे काही पडून असेल, त्यांना विनंती आहे. रद्दीत देऊ नका. दोन्ही बाजूंचे स्पष्ट छायाचित्र घ्या, मागे तारीख व गाव लिहा आणि मूळ कागद कोरड्या जागी ठेवा. कामाच्या ठिकाणाचे नाव अवश्य टिपा. पुष्कळ तलावांची कागदावरची नावे वेगळी आहेत आणि गावातली वेगळी. पुढच्या धाग्यात तालुक्यातील दुष्काळी कामांचा नकाशा जुळवण्याचा विचार आहे, तेव्हा ही नावे लागतील.